नळातला गवई

"उद्या सकाळी दहा ते दुपारी चार गच्चीवरची टाकी साफ केली जाईल. पाणी बंद राहील," अशी सूचना लिफ्टशेजारी लागली आणि सगळी इमारत कुरकुरली. सहाव्या मजल्यावरच्या गवयाने मात्र ती सूचना तीनदा वाचली, इकडेतिकडे पाहिलं आणि चोरासारखा हसला.

गवई हे त्याचं इमारतीतलं नाव. तो गायचा, पण कुणी फर्माईश करावी असं काही गायचा नाही. चारशे वर्षांपूर्वी लोक जे गात आणि जसं गात, म्हणजे वाद्य नाही, माइक नाही, नुसता गळा, तेवढंच तो गायचा. त्यानंतर गाण्याचं जे काही झालं ते वाटोळं झालं, असं त्याचं मत होतं. हे मत तो कुणाला सांगायचा नाही, कारण तो स्वभावाने भित्रा होता. पालीला भ्यायचा, पंख्याच्या वाऱ्याला भ्यायचा, दारावरची बेल वाजली तरी दचकायचा. आणि सगळ्यात जास्त भ्यायचा ते आपल्या गुरूंना. त्यांना सगळे बाई म्हणत. बाईंचं वय ऐंशी, वजन चाळीस किलो. वीस वर्षांत त्यांनी त्याला एकदाही "छान" म्हटलं नव्हतं.

येत्या शनिवारी त्याचं गाणं होतं, जुन्या दगडी सभागृहात. त्या घुमटाखाली उच्चारलेला शब्द आठ सेकंद मरत नाही. तीन वर्षांपूर्वी तो तिथे पहिल्यांदा गायला, तेव्हा दुसरी ओळ सुरू केली आणि पहिली ओळ मागून येऊन त्याच्या अंगावर पडली. आपल्याच आवाजाला घाबरून तो जो थांबला तो थांबलाच. गाणं संपलं असं समजून लोकांनी टाळ्या वाजवल्या. बाईंनी वाजवल्या नाहीत.

"अरे, ही गाणी दगडांसाठीच बांधलेली आहेत," बाई नंतर म्हणाल्या होत्या. "एक शब्द सोडायचा, तो पुरता विरेपर्यंत थांबायचं, मग दुसरा. घुमणारी जागा शोध आणि रियाज कर."

सांगणं सोपं होतं. बाथरूम पुरेशी घुमेना. तळघरातल्या पार्किंगमध्ये सेक्रेटरीने मनाई केली. जिन्यात गायला तर तिसऱ्या दिवशी निनावी पत्र आलं, "जिन्यात कुणीतरी विव्हळतं, मुलं जेवत नाहीत." अशा अडचणीत रिकामी टाकी म्हणजे आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन!

दुसऱ्या दिवशी दीड वाजता सफाईवाले जेवायला खाली उतरले आणि गवई गच्चीवर चढला. बायको ड्रायव्हिंग स्कूलमध्ये शिकवायची, ती अडीचला येणार होती, येताना तालमीसाठी बाईंना गाडीतून घेऊन. म्हणजे हातात तासभर होता. मोबाइल घरी चार्जिंगला लावलेला होता. त्याने चपला कठड्यामागे ठेवल्या आणि टाकीच्या तोंडातून आत वाकून पाहिलं. सफाईवाल्यांनी आत सोडलेल्या शिडीला अकरा पायऱ्या होत्या. प्रत्येक पायरीवर त्याने परत फिरायचं ठरवलं आणि असं अकरा वेळा ठरवून तो तळाला पोचला.

टाकी त्याच्या दिवाणखान्याएवढी होती. भिंती ओल्या, वास ब्लीचिंग पावडरचा. त्याने नुसतं "हं" केलं, आणि ते "हं" चारही कोपऱ्यांत जाऊन, विचारपूस करून परत आलं.  त्याने डोळे मिटले आणि शनिवारचं मुख्य गाणं धरलं. बुडालेला नावाडी नदीच्या तळातून बायकोला हाक मारतो, असं ते गाणं.

"येईं येईं जिवलगे, जळातळीं मी एकला..."

शब्द सोडला, थांबला. विरला, मग पुढचा. गाणं अकरा मिनिटांचं, तो ते चारदा गायला. आयुष्यात पहिल्यांदाच त्याला आपल्या आवाजाची भीती वाटली नाही. पाचव्यांदा सुरू करणार तोच वर पावलं वाजली.

आता खरं म्हणजे एक "ओ" पुरला असता. पण आपण इथे काय करतोय हे सांगायचं कसं? सेक्रेटरीला कळलं तर? घाबरून तो कोपऱ्यात भिंतीला चिकटला आणि मनातल्या मनात एक सभ्य वाक्य जुळवू लागला. "माफ करा, मी जरा..." जरा काय?

"कसला रे आवाज आला?" वरून एकाने विचारलं.

"टाकी आहे, घुमणारच. शिडी घे वर."

"आत काही राहिलं नाही ना?"

"रिकाम्या टाकीत काय राहणार?"

"माफ करा, मी जरा पाणी किती आहे ते बघायला..." इथपर्यंत वाक्य जुळलं. पण पाणीच नाही तर ते बघणार काय, असा विचार तो करतोय तोवर शिडी सरसर वर गेली आणि झाकण धाडकन पडलं.

अंधार झाला. वरच्या एका भोकातून नाण्याएवढा उजेड तेवढा येत होता.  आणि त्याच अंधारात त्याच्या पायाजवळून, जमिनीतून, एक बाई हुंदका देऊन म्हणाली, "कोण आहे?"

 किंचाळायला त्याने तोंड उघडलं, पण आवाजच फुटेना. ओठ हलवत तो तसाच उभा राहिला.

"अहो, इकडे या ना. नळ रडतोय," ती बाई म्हणाली.

"नळ गळतो. रडत नाही," पुरुषाचा आवाज.

"कान लावा म्हणजे कळेल. मघापासून 'येईं येईं' चाललंय. पाण्याखाली बोलावतोय मला!"

"तुलाच कशावरून?"

"मग काय तुम्हाला? 'जिवलगे' म्हणत होता!"

हा आवाज दुसऱ्या मजल्यावरच्या काकूंचा, हे ओळखल्यावर गवयाच्या जिवात जीव आला. चाचपडत त्याने पाहिलं, तर कोपऱ्यात तळाशी पाइपाचं तोंड होतं. पाणी बंद असलं की माणूस नळ उघडा टाकतो, आल्याचं कळावं म्हणून. सहाही मजल्यांवरचे नळ उघडे होते, पाइप कोरडे होते, आणि त्याचं गाणं गेला पाऊण तास घराघरांतल्या मोऱ्यांतून उतरत होतं.

तो गुडघ्यांवर बसला आणि पाइपाशी तोंड नेऊन ओरडला, "ओ! मी आहे! टाकीत अडकलोय! मला बाहेर काढा! काढा!"

पण टाकीतला घुमारा ओरडणाऱ्याला कसली दाद देतो? शब्दांवर शब्द पडले, एकमेकांत गुंतले, आणि काकूंच्या नळातून भलतंच काही बाहेर पडलं.

"'गाडा' म्हणतोय!" काकू किंचाळल्या. "कुणाला गाडा म्हणतोय?"

मग सगळ्या मजल्यांवरून एकदम कालवा सुरू झाला. कुणी देवाचं नाव घेत होतं, कुणी दारं लावत होतं. त्या गोंधळात सेक्रेटरीचा आवाज आला. बरोबर इमारतीचा प्लंबर होता.

"हवा आहे साहेब," प्लंबर म्हणाला. "रिकाम्या पाइपात हवा कोंडली की असं होतं."

"हवा 'जिवलगे' म्हणते?"

"जुनी लाइन आहे साहेब."

"मग उपाय काय?"

"पाणी सोडायचं. पाणी आलं की हिचा जीव जातो. टाकी साफ झालीच आहे. चारची वाट कशाला बघायची? हे लोक नळ तर बंद करू देत. वीस मिनिटांत पंप लावतो."

हिचा जीव जातो!  गवयाला पोहता येत नव्हतं. पोहायला शिकायची भीती वाटायची म्हणून तो शिकलाच नव्हता. तो पुन्हा ओरडणार होता, पण बाईंचं बोलणं आठवलं. एक शब्द सोडायचा. थांबायचं. त्याने दम घेतला आणि जुन्या चालीत सूर लावला.

"मी..."

"'मी' म्हणाला!" खालून कुणीतरी ओरडलं.

"टाकीत..."

"टाकीत म्हणतोय!"

"आहे..."

सगळीकडे चिडीचूप झालं. गवयाला वाटलं, सुटलो. आता कुणीतरी वर येणार. पण वर यायचं सोडून लोक आपापल्या बाथरूममध्ये शिरले. त्याचं कारण असं होतं की आधीचे सेक्रेटरी गेल्या वर्षी वारले होते आणि जिवंतपणी ते दर महिन्याला स्वतः टाकीत डोकावून बघायचे. टाकीवर त्यांचा भारी जीव होता.

"साहेब," आत्ताचा सेक्रेटरी दार लावून, नळाला तोंड लावून कुजबुजला. "तुम्हीच ना? मला माहीत होतं तुम्ही येणार. तुमची पार्किंगची जागा मीच घेतली. तुमच्या घरच्यांनी दिलेली नाही, मीच कागदावर सही केली. चुकलं माझं. पण पाण्यातून येऊ नका हो, गार पाण्याने माझी पाठ आधीच धरते."

गवई सांगायला गेला की मी तो नव्हे. पण माणूस इतका पोटातलं ओठांवर आणत असताना मध्येच गाणं त्याला बरं दिसेना. सेक्रेटरीचं संपतं न संपतं तोच काकूंचं सुरू झालं. जिन्यातल्या विव्हळण्याचं निनावी पत्र त्यांचं होतं. मुलं बिचारी जेवत होती. काकूंना फक्त दुपारची झोप हवी होती. मग चौथ्या मजल्यावरच्या मास्तरीणबाईंनी कबूल केलं की शेजाऱ्यांच्या कुंड्यांत साबणाचं गरम पाणी त्याच ओततात. पहिल्या मजल्यावरचा एकजण तर नुसताच रडत होता, "ते मी केलं, ते मी केलं," असं म्हणत. काय केलं ते शेवटपर्यंत कळलं नाही. सभ्यपणा करण्यात गवयाची बारा मिनिटं गेली.

ते सगळं जरा ओसरलं आणि त्याला ओळखीचा आवाज ऐकू आला. आपल्याच घराच्या दाराची कुरकुर. मग बायकोचा आवाज.

"बसा बाई. कुठे गेले कोण जाणे. मोबाइलही इथेच आहे. घाबरून पळाले की काय शनिवारच्या भीतीने!" भांड्याचा आवाज झाला. ती स्वयंपाकघरात होती. "बाई, एक विचारू? खरं सांगाल? शनिवारी जमेल का हो त्यांना?"

 पंपाची भीती एकीकडे आणि हे उत्तर एकीकडे. तो पाइपाला कान लावून बसून राहिला.

"जमेल," बाई म्हणाल्या. "न जमायला काय झालं? चाळीस वर्षं शिकवतेय मी. असा गळा दुसरा आला नाही माझ्याकडे."

"काय सांगता!"

"अगं, बाकीचे गातात तेव्हा स्वतःलाच ऐकवतात. हा भितो म्हणून कान देतो. भिणाऱ्याला बारीकसारीक ऐकू येतं. पण बोलू नकोस हं त्याला. एकदा छान म्हटलं की माणूस ऐकायचं सोडतो. वीस वर्षं दातांखाली जीभ धरून बसलेय मी."

टाकीत गवयाच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि नेमकं त्याच वेळी दुसरीकडूनही यायला लागलं. इमारतीच्या तळातून "घूंऽऽ" असा आवाज उठला, डोक्यावरच्या पाइपाने दोन उचक्या दिल्या आणि थंडगार पाण्याचा लोट धप्पकन त्याच्या मानेवर कोसळला.

आता मात्र सभ्यपणा संपला. त्याने जीव एकवटून जे तोंडात बसलं होतं तेच धरलं.

"येईं येईं जिवलगे..."

"अगंबाई!" बायको दचकली. "खाली लोक म्हणत होते ते भूत!"

"गप्प. ऐकू दे," बाई म्हणाल्या.

"जळातळीं मी एकला..."

"भूत नव्हे, तुझा नवरा आहे. 'जळा'वर घसरला बघ." मग बाईंचा आवाज एकदम जवळ आला. त्या नळाशी वाकल्या असाव्यात. "परत घे ती ओळ. आणि थांबायचं कुठे, ते ठरलंय आपलं."

"बाई, टाकीत पाणी सोडलंय!" गवई ओरडला.

"येऊ दे. आधी ओळ पुरी कर."

त्याने ओळ पुरी केली. न करायची त्याची हिंमत नव्हती. तेवढ्यात पाण्याने पाइपाचं तोंड झाकलं, गुडगुड आवाज झाला आणि खालचं सगळं जग बंद पडलं.

पाणी घोट्यांवर आलं, मग गुडघ्यांवर. अंधारात तो भिंतीला धरून उभा होता. दात वाजत होते आणि वाजलेला प्रत्येक दात घुमत होता. शनिवारपर्यंत काही आपण टिकत नाही, असं त्याला वाटलं. बाई असं बोलल्या, तेही नेमकं बुडायच्या दिवशी, ह्याचं त्याला फार वाईट वाटलं.

बायको मात्र भिणाऱ्यांतली नव्हती. रोज आठ नवशिक्यांना भर रस्त्यात गाडी देणारी बाई ती. ती जिन्यावरून धावत पंपाच्या खोलीशी पोचली. खोलीला कुलूप. किल्ली सेक्रेटरीकडे. आणि सेक्रेटरी? प्लंबरने "एकदा वर बघून येऊ" म्हणत त्याला ओढून लिफ्टमध्ये घातलं होतं. बायकोने एक क्षणही घालवला नाही. तिने मीटरच्या खोलीत जाऊन अख्ख्या इमारतीचा मेन स्विच खाली ओढला. पंप थांबला. लिफ्टही थांबली, चौथ्या आणि पाचव्या मजल्यांच्या मध्ये, सेक्रेटरी आणि प्लंबरसकट. मग ती फाटकाकडे पळाली. सफाईवाले टेम्पोवर शिडी बांधत होते.

"शिडी घ्या आणि चला वर. माझा नवरा टाकीत आहे."

"टाकी तर रिकामी आहे, ताई."

"आता नाही," ती म्हणाली.

झाकण उघडलं तेव्हा पाणी मांड्यांपर्यंत आलं होतं. उजेडाने गवयाचे डोळे दिपले.

"अहो!" बायको वरून वाकून म्हणाली. "काय करताय आत?"

"रि... रियाज," गवई म्हणाला.

वीज अजून बंद होती, म्हणून सगळे जिन्याने उतरले. बायको पुढे गेली, मेन स्विच वर करायला. गवई मागून, सफाईवाल्यांनी दिलेलं गोणपाट पांघरून, ब्लीचिंगच्या पांढऱ्या रंगात माखलेला, निथळत निथळत येत होता. चौथ्या मजल्याजवळ लिफ्टच्या जाळीतून मोबाइलचा उजेड त्याच्या तोंडावर पडला. आत सेक्रेटरी होता. कुणी अडकलं असेल तर दोन शब्द बोलावेत, एवढं सौजन्य गवयाकडे होतं. पण थंडीने गळा आवळला होता. एका दमात एकच शब्द निघत होता.

"मी..." तो म्हणाला. थांबला. "टाकीत..."

लिफ्टमधून जी किंकाळी आली ती प्लंबरची होती. सेक्रेटरी खालीच बसला होता.

"होतो," गवयाने वाक्य पूर्ण केलं.

सेक्रेटरीने मोबाइल वर उचलला, गवयाला नीट निरखलं आणि त्याच्या चेहऱ्यावर आधी सुटका आली. मग हळूहळू ती उतरली आणि तिच्या जागी दुसरंच काहीतरी आलं.

"गवई, तुम्ही होय! म्हणजे... खालचं वर ऐकू येत होतं?"

गवयाला खोटं बोलायची भीती वाटायची. त्याने मान डोलावली.

"सगळं?"

गवयाने पुन्हा मान डोलावली.

संध्याकाळपर्यंत ही बातमी सहाही मजल्यांवर पोचली. दुसऱ्या दिवसापासून इमारतीत गवयासाठी लिफ्ट थांबून राहू लागली. काकूंनी डबाभर गरम सूप पाठवलं. मास्तरीणबाई जिन्यात दिसल्या की भिंतीला लागून वाट द्यायच्या. पहिल्या मजल्यावरचा तो एकजण तर गवई दिसला की हात जोडायचा आणि डोळ्यांत पाणी आणायचा. कमिटीने तातडीची सभा घेऊन ठराव केला की गवयांनी जिन्यात, तळघरात, गच्चीवर, कुठेही आणि केव्हाही रियाज करावा. सेक्रेटरीने खाजगीत पार्किंगची जागाही देऊ केली. गवयाने नाही म्हटलं, तर सेक्रेटरी आणखीच घाबरला.

गवई कुणाला काही सांगणार नव्हता. पण त्याच्या गप्प बसण्याचा अर्थ लोक आपापल्या पापानुसार लावत होते, आणि सगळे आपल्याला का भितात ह्याची गवयालाच धास्ती वाटू लागली होती.

शनिवारी दगडी सभागृहात मागच्या पाच रांगा इमारतीने भरल्या. गैरहजर राहायची कुणाची छाती नव्हती. गवई नेहमीसारखाच भीत भीत उभा राहिला. समोर बाई. वर घुमट. त्याने पहिला शब्द सोडला आणि थांबला. शब्द वर गेला, फिरला, परत आला. तो मागून अंगावर येणार म्हणून गवई पळाला नाही. कान देऊन त्याने त्याला पुरता विरू दिलं. मग दुसरा शब्द. अकरा मिनिटं गेली. संपल्यावर सभागृह इतका वेळ गप्प राहिलं की आपलं काही चुकलं असं त्याला वाटलं. मग टाळ्या सुरू झाल्या, आणि आठ आठ सेकंद घुमत त्या थांबेचनात.

गर्दी पांगल्यावर बाई काठी टेकत आल्या.

"तिसऱ्या कडव्यात श्वास चोरलास," त्या म्हणाल्या. "आणि 'जळातळीं' अजून घसरतंय. सोमवारी ये."

"हो, बाई," गवई म्हणाला. पण वीस वर्षांत कधी झालं नव्हतं ते झालं, बोलता बोलता त्याला हसू आलं. ते त्याने गिळलं, तरी थोडं बाहेर राहिलंच.

"हसतोस काय?"

"काही नाही, बाई."

बाईंनी डोळे बारीक केले. त्यांनी एकदा गवयाच्या बायकोकडे पाहिलं. तिने घाईने पर्समध्ये गाडीची किल्ली शोधायला घेतली. मग पुन्हा त्याच्याकडे.

"त्या दिवशी टाकीत..." बाई सावकाश म्हणाल्या, "तुमच्या स्वयंपाकघरातलं बोलणं... वर ऐकू येत होतं का रे?"

गवयाने पाहिलं, बाईंची काठीवरची बोटं घट्ट झाली होती. आवाजही जरा हलला होता. वीस वर्षांत पहिल्यांदाच बाई त्याला घाबरल्या होत्या.

"नाही हो, बाई," तो म्हणाला. "टाकी फार घुमते. एक शब्द कळेल तर शपथ."

"बरं झालं," बाई म्हणाल्या आणि त्यांनी सोडलेला सुस्कारा घुमटात बराच वेळ फिरत राहिला.